दारी आणि कंब

मराठीत दारी म्हणजे दाराशी. कन्नडमध्ये दारी म्हणजे वाट आणि कंब म्हणजे खांब. हे दोन शब्द मी कुठल्या वर्गात नाही, आमच्याच बोळाच्या तोंडाशी उभी राहून शिकले.

बेळ्ळंदूर म्हटलं की लोकांना फेसाळणारं, २०१७ मध्ये पेटलेलं तळं आठवतं, नाहीतर रिंग रोडवरच्या काचेच्या इमारती. पण २००७ मध्ये शहरात सामील होईपर्यंत इथे ग्रामपंचायत होती, आणि आतल्या कित्येक गल्ल्यांची रुंदी अजून त्या काळातलीच आहे. आमची चार घरं दहा फुटी बोळात. बोळ चौघांच्या सामाईक मालकीचा. चारही खरेदीखतांत तसं लिहिलेलं. कोपऱ्यावरच्या मालकाने जुनं घर पाडून इमारत उठवायला घेतली, तेव्हा नव्या फाटकासमोर विजेचा खांब येत होता. एका शनिवारी तो तिथून उचलून बोळाच्या तोंडाशी रोवला गेला. स्कूटर जाते, रिक्षा अंग चोरून जाते. ॲम्ब्युलन्स जात नाही.

शेजारच्या अक्कांचं आठवड्यातून तीनदा डायलिसिस. त्यांना प्लास्टिकच्या खुर्चीत बसवून आम्ही दोघं-तिघं हमरस्त्यापर्यंत न्यायचो. पाऊस असला की छत्री धरायला आणखी एक जण. अक्का काही बोलायच्या नाहीत, फक्त खांबापाशी आल्यावर पदर सावरून घ्यायच्या. त्यांचे यजमान अण्णा निपाणीचे. ते म्हणाले, "पोरी, कोर्टकचेरी कशाला? चार गडी लावू, रात्रीत उपटून टाकू." खांबावर जिवंत तारा आहेत हे त्यांना दिसत होतं, राग मात्र तारांपेक्षा मोठा होता.

वकीलबाईंचा पहिला प्रश्न मला अनपेक्षित होता. "वाट तुमची आहे, की वाटेवर नुसती वहिवाट तुमची?" वहिवाट असती तर १८८२ चा सुखाधिकार कायदा लागला असता. वाट कागदावर दिलेली नसेल आणि गरजेचीही नसेल, तर वीस वर्षांच्या वापराचा पुरावा गोळा करायचा. त्याच कायद्याचं कलम ३६ सांगतं की अडथळा हक्कदाराने स्वतः हटवायचा नाही. (हे मी अण्णांना मुद्दाम वाचून दाखवलं.) पण आम्ही तर मालक, आणि स्वतःच्या जमिनीवर सुखाधिकार नसतो. म्हणजे आमची बाजू जास्त भक्कम. चार सहमालकांपैकी एक जण इतरांची वाट बंद होईल असं काही एकट्याच्या सहीने करू शकत नाही. आणि अर्जावर सही एकच होती.

बाईंनी मग केंद्राचे २००६ चे नियम काढले. वितरण कंपनीने खाजगी जमिनीत काम करायचं तर मालकाची आधी संमती हवी. त्याने हरकत घेतली तर जिल्हादंडाधिकाऱ्याची किंवा पोलीस आयुक्तांची लेखी परवानगी. आणि खांब उभा राहून गेल्यावरही मालकाने सबळ कारण दाखवलं, तर तेच अधिकारी तो हलवायचा आदेश देऊ शकतात. हे शेवटचं वाक्य मी तीनदा वाचलं. कंत्राटदाराचा माणूस मात्र "विजेच्या कामाला संमती लागतच नाही" असं ठणकावत होता. तेही अर्धं खरं. कलम १६४ खाली सरकारने १८८५ च्या तार कायद्याचे अधिकार दिले असले, तर मोठ्या पारेषण वाहिन्यांना संमती लागत नाही. सर्वोच्च न्यायालयाने डिसेंबर २०१६ मध्ये तसं सांगितलं आहे. आमचा खांब गल्लीतला. त्याच्यासाठी तसा आदेश कोणी दाखवला नाही.

अण्णांचा विश्वास मामलेदारावर. निपाणी १९५६ पर्यंत मुंबई राज्यात होती आणि १९०६ चा मामलेदार कोर्ट कायदा त्यांच्या घरात मुलांनाही ठाऊक होता: कोणी शेताची वाट अडवली की सहा महिन्यांच्या आत दावा घालायचा. "मामलेदार बांधावर येऊन बघायचा," ते म्हणायचे. मला हेवा वाटला. तो कायदा शेतजमिनीचा, आमच्या बोळात शेत नाही. पण कोणीतरी जागेवर येऊन बघावं, एवढंच तर आम्हाला हवं होतं.

दिवाणी दावा आणि मनाई हुकूम आम्ही राखून ठेवला, कारण अक्कांच्या आठवड्यांचा हिशेब कोर्टाच्या तारखांशी जुळणारा नव्हता. चौघांपैकी तिघांच्या सह्यांनी अर्ज केला. सोबत खरेदीखतं, बोळाचा मोजलेला नकाशा आणि डायलिसिसचं वेळापत्रक. वेळापत्रक जोडायची कल्पना अक्कांची. तपासणीला आलेल्या अभियंत्याने टेप लावला, तेव्हा दुसरं टोक अण्णांनी धरलं होतं.

आदेश निघायच्या आधीच कोपऱ्यावरचा मालक बोलणीला आला. हलवायचा निम्मा खर्च त्याने दिला, उरलेला आम्ही तिघांनी वाटून घेतला. तो निम्मा आम्ही का द्यावा यावर माझं आणि अण्णांचं अजून पटलेलं नाही. खांब चार फूट सरकला. आता ॲम्ब्युलन्स आत येते; ड्रायव्हरला डावीकडचा आरसा तेवढा दुमडावा लागतो.