नोकरी गेलेल्या एका शिक्षिकेची गोष्ट

आमची शाळा उर्दू माध्यमाची. मी तिथे मराठी शिकवते, गरज पडली की उर्दूही. आठवड्यातून एक तास मुलांच्या हातात मराठी पेपर द्यायचा, हा माझा जुना शिरस्ता. गेल्या महिन्यात आठवीतली एक मुलगी 'झुंडबळी' या शब्दावर अडली. "टीचर, इसका मतलब?" मी उर्दूत 'हुजूमी तशद्दुद' असं सांगितलं. तरी तिच्या चेहऱ्यावर काही उमटेना. तेवढ्यात मागच्या बाकावरून आवाज आला, "अरे, मॉब लिंचिंग!" आणि वर्ग एकदम गप्प झाला. मराठी शब्द अडला होता, उर्दूही अडला होता, इंग्रजी मात्र सगळ्यांना पाठ होता.

"टीचर, ये लफ्ज़ आया कहाँ से?" तिने विचारलं. अमेरिकेतून, एवढंच मला सांगता आलं. घंटा झाली म्हणून सुटले. घरी येऊन शोधायला बसले आणि आयडा बी. वेल्स भेटली. बीएडला शिक्षणतज्ज्ञांची इतकी नावं घोकली, त्यात ही शिक्षिका कुठेच नव्हती.

आयडाचा जन्म 1862चा, मिसिसिपी राज्यातल्या हॉली स्प्रिंग्ज गावातला, आणि तोही गुलामीत. जोतीरावांनी 1873 साली 'गुलामगिरी' लिहून ती अमेरिकेतल्या गुलामगिरी मोडणाऱ्या लोकांना अर्पण केली, तेव्हा ही मुलगी दहा-अकरा वर्षांची होती. कायद्याने ती मोकळी झाली होती, पण पुढचं सगळं अजून यायचं होतं. 1878 मध्ये पीतज्वराच्या साथीत आई, वडील आणि धाकटा भाऊ गेले. सोळा वर्षांच्या आयडाने भावंडांना वाटून द्यायला नकार दिला आणि ती मास्तरीण झाली.

पुढे ती मेम्फिस शहरात आली. 1884 मध्ये रेल्वेच्या कंडक्टरने तिला बायकांच्या डब्यातून उठायला सांगितलं. तिकीट काढलेलं होतं, ती उठेना. ओढू लागला तेव्हा ती त्याच्या हाताला चावली. तिघांनी मिळून तिला बाहेर काढलं. तिने खटला भरला, जिंकली, 500 डॉलर भरपाई मंजूर झाली. 1887 मध्ये टेनेसीच्या सर्वोच्च न्यायालयाने तो निकाल फिरवला. या सगळ्यावर ती 'आयोला' या टोपणनावाने लिहू लागली होती. 1889 मध्ये ती एका वर्तमानपत्राची भागीदार आणि संपादक झाली. त्याचं नाव पुढे नुसतं 'फ्री स्पीच' राहिलं. ते गुलाबी कागदावर छापायचे, म्हणजे ज्याला अक्षरओळख नाही त्यालाही आपला पेपर रंगावरून ओळखता यावा आणि विक्रेत्याने दुसराच माथी मारू नये. शिक्षिकेलाच सुचेल अशी युक्ती!

पण मी थांबले ती 1891 पाशी. काळ्या मुलांच्या शाळांच्या इमारती किती अपुऱ्या आहेत आणि तिथे शिक्षक कसे नेमले जातात, यावर आयडाला लिहायचं होतं. ती स्वतः त्याच शाळांची पगारी शिक्षिका. नोकरी जाईल हे तिला कळत होतं. म्हणून तिने आपल्या भागीदाराला विनवलं, लेखावर तुमचं नाव घाला. तो नाही म्हणाला. मजकूर बदलायला वेळ उरला नव्हता. लेख छापला गेला आणि त्या वर्षी तिला पुन्हा नेमणूक मिळाली नाही. तिला सर्वात जास्त लागलं ते पालकांचं वागणं. आमच्या मुलांसाठी का होईना, चांगली नोकरी कुणी अशी घालवतं का, हे त्यांना समजेना.

हे वाचून मी पुस्तक मिटलं. वीस वर्षांपूर्वी मी एका दुसऱ्या गावातल्या शाळेत शिक्षण सेवक होते. मुलींच्या संडासात पाणी नसायचं, म्हणून मोठ्या मुली महिन्यातले चार दिवस घरी राहायच्या. मी पेपरच्या वाचकांच्या पत्रव्यवहारासाठी दीड पानाचं पत्र लिहिलं. पाठवण्याआधी वरिष्ठांना दाखवलं. त्यांनी शांतपणे घडी घालून ते परत दिलं आणि म्हणाले, "मॅडम, परमनंट व्हायचंय ना?" मी परमनंट झाले. ते पत्र माझ्या बीएडच्या फायलीत अजून आहे. त्या मुलींपैकी दोघी दहावीपर्यंत पोहोचल्या नाहीत.

आयडाही घाबरली होती, हे वाचून आधी मला बरं वाटलं. पण ती घाबरली तरी लेख निघाला, माझं पत्र घडीतच राहिलं.

9 मार्च 1892. टॉमस मॉस नावाचा पोस्टमन, तिचा जिवलग मित्र, भागीदारीत 'पीपल्स ग्रोसरी' नावाचं किराणा दुकान चालवायचा. समोरच्या गोऱ्या दुकानदाराचा धंदा बसू लागला. भांडणाचं निमित्त झालं, मॉस आणि त्याचे दोन सोबती तुरुंगात गेले आणि जमावाने तिघांना तिथून काढून ठार मारलं. आयडाने लिहिलं, जे शहर आपलं रक्षण करत नाही ते सोडा. हजारो लोक निघून गेले. राहिलेल्यांनी ट्रामवर बहिष्कार टाकला. ट्राम कंपनीचे अधिकारी तिच्या कचेरीत येऊन, तुमच्या लोकांना बसायला सांगा, अशी विनंती करू लागले!

तोवर तिलाही वाटायचं की जमाव मारतो ते बलात्काऱ्यांना. मॉसने कुणाला हात लावला नव्हता. म्हणून ती एकेक प्रकरण तपासू लागली. जमावाने मारलेल्या 728 जणांपैकी जेमतेम एक तृतीयांशांवर तसा नुसता आरोप तरी होता, असं तिने दाखवलं. पुढच्या 'रेड रेकॉर्ड'मध्ये तर तिने गोऱ्यांच्याच 'शिकागो ट्रिब्यून'ची आकडेवारी वापरली, म्हणजे अतिशयोक्ती म्हणायची सोय नाही. मे 1892 मध्ये ती परगावी असताना तिची कचेरी फोडली. परत आलीस तर मारू, असे निरोप आले. ती न्यूयॉर्कमधून लिहीत राहिली, मग शिकागोतून. 1931 मध्ये वारली. पुलित्झरचा विशेष सन्मान 2020 मध्ये मिळाला आणि लिंचिंगविरोधी केंद्रीय कायदा अमेरिकेत 2022 मध्ये झाला.

पुढच्या तासाला मी वर्गाला हे सगळं सांगितलं. त्या मुलीने एवढंच विचारलं, "टीचर, उनको नौकरी वापस मिली?" नाही, म्हटलं. मग मुलांना कागद दिले. आपल्या शाळेत काय कमी आहे ते लिहा, पण रडगाणं नको, मोजून लिहा. पोरं मधल्या सुट्टीत शाळाभर फिरली. नळ नऊ, चालू चार. मुलींचे संडास तीन, कडी असलेला एक.

ती यादी मी काल रात्री साफ मराठीत उतरवून काढली. सोमवारी ऑफिसात देणार आहे. खाली मुलांची नावं नाहीत, सही माझी आहे.