शिकाऱ्याचा वाटा

हरसूलकडची पोरं नाशिकच्या चायनीजच्या गाडीवर दोन तऱ्हेनं पोहोचतात. काही खायला, काही राबायला. माझा धाकटा भाऊ राबायला गेला. दहावीनंतर एका गाडीवर त्यानं आधी नुसता कोबी चिरला, मग भांडी घासली, तिसऱ्या वर्षी कढई हातात आली. तिथं त्याला कुणी नावानं हाक मारत नव्हतं. ‘ए छोटू’ म्हटलं की तो वळायचा.

आखाडात आवणीसाठी तो घरी आला, तेव्हा पिशवीत बर्फात ठेवलेलं किलोभर डुकराचं मटण होतं. आईनं पिशवी बघताच तोंड फिरवलं. “शहरातलं डुक्कर काय खातं, माहीत हाये ना? माझ्या भांड्यात नको.” शेवटी पडवीतलं एक पोचे आलेलं पातेलं मिळालं. तेही नंतर फेकून देण्याच्या बोलीवर.

आजीची मात्र ना नव्हती. तिच्या तरुणपणी रानडुकराची शिकार झाली की पाड्यावर घरटी वाटे पडत. ज्यानं जनावर पाडलं, त्याचा वाटा वेगळा. 1972 साली वन्यजीव संरक्षणाचा कायदा आला आणि पुढं शिकार बंद झाली. रानडुकरं अजूनही भातात, नागलीत शिरतात. वाटे तेवढे गेले.

भावानं अख्खा तुकडा आलं घालून उकडला. काडी आरपार जाईपर्यंत. डुकराचं मांस कच्चं राहिलं तर पोटात फीतकृमी होतात, म्हणून इथं घाई चालत नाही. गार झाल्यावर पातळ काप केले. चीनच्या सिचुआन प्रांतात अशीच रीत आहे. आधी उकडायचं, मग कापून पुन्हा कढईत टाकायचं. तिथल्या त्या पदार्थाच्या नावाचा अर्थच मुळी ‘कढईत परत आलेलं मांस’. आपण ‘परतणं’ म्हणतो त्यात दोन्ही आलं.

भाज्यांत कोबी, गाजर, पातीचा कांदा होता. आजीनं त्यात बांबूचे कोंब दिले. तिनं ते आदल्या दिवशीच सोलून, चिरून भिजत घातले होते. सकाळी उकडून पाणी फेकलं होतं. कच्च्या कोंबात विष असतं, हे तिला कुणी शिकवावं लागलं नाही. “गाडीवर हे डब्यातलं येतं, महाग,” भाऊ म्हणाला. आजी हसली. “आमी फुकटचं खात आलो.”

माझ्याकडून तिरफळ. गाडीवरच्या शेजवान चटणीत मिरची आणि लसूण असतो, पण सिचुआनचा जीभ बधिर करणारा मिरा नसतो. आपलं कोकणातलं तिरफळ त्याच कुळातलं. बिया काढून टाकल्या आणि टरफलं भाजून कुटली.

आता जाळ हवा होता. पावसात लाकडं ओली. भावानं वाळक्या बांबूच्या चिपा घातल्या, तेव्हा चूल भडकली. काप कढईत पडले, चरबी सुटली, कडा वळल्या. मग लसूण, वाटलेली लाल मिरची, सोया सॉस; मग कोंब, गाजर, आणि कोबी शेवटी, करकरीत राहावा म्हणून. मीठ बेतानंच, कारण सोया सॉस खारट. तो कढई उडवत होता आणि आम्ही सगळे मागं सरून बघत होतो. “जाळ वाढव,” “पात आण,” तो सांगत होता आणि बाबासुद्धा ऐकत होते.

आजीनं पळसाच्या पानांवर वाटे घातले. शेजारच्या पाच घरी पाठवले. दोन परत आले. तिनं काही न बोलता ते आमच्यात मिसळले. एक वाटा मात्र तिनं आधीच बाजूला काढला होता, सगळ्यांत मोठा. तो तिनं भावापुढं ठेवला आणि त्याला नावानं हाक मारली.

आईनं फक्त कोंब वेचून खाल्ले. आवणी संपल्यावर भाऊ नाशिकला गेला. पोचे आलेलं पातेलं राखेनं घासून आईनं पडवीत उपडं घातलंय. फेकायचं तिनं अजून काढलेलं नाही.