नकाशातील रेघ आणि शेतातील बांध

इ. स. १८३५-३६ च्या सुमारास गोल्डस्मिड व विंगेट या इंग्रज अधिकाऱ्यांनी पुणे जिल्ह्यातील इंदापूर तालुक्यात नव्या पद्धतीची जमीनमोजणी आरंभिली. पुढे ती सर्वत्र रूढ झाली आणि ‘सर्व्हे नंबर’ हा शब्द मराठी खेड्याच्या बोलीत इतका मुरला की तो परका वाटेनासा झाला. मोजणीचे साधन होते ३३ फुटांची साखळी. तिचे भाग १६, त्यांस आणे म्हणत. एक साखळी लांब व एक साखळी रुंद तो गुंठा, आणि ४० गुंठ्यांचा एकर.

दिल्लीस अतिथी प्राध्यापक म्हणून राहत असता या हिशेबात शिरण्याचे कारण घरगुती आहे. गावी दोन चुलत घराण्यांत बांधावरून तंटा उत्पन्न झाला. वाद सुमारे ४ गुंठ्यांचा. ‘नकाशा मोजून तूच काय ते सांग’ असा निरोप दोन्हीकडून आला, व सोबत गावनकाशाची प्रत आली.

या नकाशाचे प्रमाण १ इंचास २० साखळ्या, म्हणजे ६६० फूट. लांबी येथे ७,९२० पटींनी आटते. क्षेत्र मात्र त्या संख्येच्या वर्गाने आटते. म्हणून कागदावरील १ चौरस इंच म्हणजे ४,३५,६०० चौरस फूट, अर्थात बरोबर १० एकर. आमचा सर्व्हे नंबर नकाशावर १.२ इंच लांब व ०.५ इंच रुंद भरला. गुणाकार ०.६ चौरस इंच. जमीन ६ एकर. ही संख्या कोणासच अमान्य नव्हती.

परंतु बांध दाखविणारी रेघ इंचाच्या शंभराव्या हिश्शाइतकी तरी जाड असतेच. शेतात तिची रुंदी ६.६ फूट होते. १.२ इंच लांबीच्या त्या रेघेखाली ४.८ गुंठे जमीन झाकली जाते. ज्या ४ गुंठ्यांसाठी बोलणे बंद झाले, ते सबंध या रेघेच्या पोटात होते!

भास्कराचार्यांनी ‘लीलावती’त बजाविले आहे की, चौकोनाच्या चारही बाजू सांगितल्या तरी कर्ण अथवा लंब सांगितल्यावाचून त्याचे क्षेत्र निश्चित होत नाही. मोजणीदाराच्या टिपणात शेतात घेतलेली अशीच मापे आकड्यांनी नोंदलेली असतात. आकड्यास जाडी नसते. म्हणून बांधाच्या वादात टिपणाचा आधार नकाशावरील मोजमापाहून श्रेष्ठ.

प्रतीचाही एक धोका आहे. यंत्राने नकाशा शेकडा ५ लहान उमटविला, तरी ‘१ इंचास २० साखळ्या’ ही अक्षरे तशीच राहतात आणि खोटी ठरतात. क्षेत्र जवळजवळ शेकडा १० कमी भरते. खाली आखलेली मापपट्टी मात्र नकाशाबरोबरच आटते, म्हणून खरी राहते.

दिल्लीच्या परिसरातील एका सहकाऱ्यांस हे सांगितले, तेव्हा त्यांनी विचारले, ‘६ एकर म्हणजे बिघे किती?’ दिल्लीचा बिघा १,००८ चौरस यार्डांचा. एकरास ४ बिघे १६ बिस्वे. तेव्हा उत्तर २८ बिघे १६ बिस्वे. जमिनीचे असे भाषांतर अचूक होते. साहित्याचे तसे होत नाही. आपण ‘भक्तिसाहित्य’ अशी एक रेघ मराठीपासून पंजाबीपर्यंत ओढतो. तिच्या जाडीत वारकरी व महानुभाव यांच्यातील भेद सहज बुडून जातो. रेघ ओढू नये असे नव्हे. तिच्यावाचून भारतीय साहित्याचा नकाशाच संभवत नाही. मात्र लहान प्रमाणाच्या नकाशावरून बांधाचा निवाडा देऊ नये, एवढे पथ्य अभ्यासकाने पाळावे.

गावी मी दोन्ही घरांस एकच पत्र धाडले: नकाशावरून हा वाद सुटणारा नाही, टिपणाची नक्कल काढावी, दोघांनी मिळून सरकारी मोजणीचा अर्ज करावा आणि मोजणीच्या दिवशी दोघांनीही बांधावर हजर असावे.