पडद्यावरची प्रार्थना : जुनं सॉफ्टवेअर की नवं?

आमच्या शाळेत महाराष्ट्र, कर्नाटक, केरळ, बिहार, पंजाब असे सगळीकडचे कॅडेट आहेत. त्यामुळे सकाळच्या सर्वधर्म प्रार्थनेतल्या सगळ्या प्रार्थना पाठ असलेला कॅडेट सापडणं कठीण. बिहारच्या मुलाला पसायदान पाठ नसतं आणि साताऱ्याच्या मुलाला कन्नड वचन पाठ नसतं. म्हणून सभागृहात पडदा आहे आणि त्यावर शब्द येतात. शब्द यायला उशीर झाला की मागच्या रांगांतले कॅडेट नुसते ओठ हलवतात, हे सर्व शिक्षकांनाही ठाऊक आहे.

हे शब्द दाखवणारा संगणक विंडोज ७ वर चालतो. त्यातलं प्रार्थनेचं सॉफ्टवेअर मी शाळेत येण्याच्या बऱ्याच आधीचं. मी आणि माझा बेळगावचा मित्र स्क्रीन ड्यूटीवर असतो. हे सॉफ्टवेअर बदलावं की नाही हा प्रश्न निघाला, तेव्हा दोन्ही बाजू आम्हाला जवळून ऐकायला मिळाल्या.

पहिली बाजू आमच्या ड्रिल उस्तादांची. ते म्हणाले, "चल रहा है ना? तो छेड़ो मत." हे म्हणणं हसण्यावारी नेण्यासारखं नाही. प्रार्थना ठरलेल्या मिनिटाला सुरू होते. त्या मिनिटाला नवं सॉफ्टवेअर पासवर्ड मागत बसलं, तर सगळी शाळा सावधानमध्ये उभी राहील. जुन्याला इंटरनेट लागत नाही, दरवर्षीची वर्गणी नाही आणि आठवीतला मुलगाही ते दोन दिवसांत शिकतो. नव्याची जाहिरात पाहिली, तर त्यात शब्दांच्या मागे धबधबे आणि ढग वाहताना दिसतात. आम्ही एकदा तसं करून पाहिलं. शेवटच्या रांगेतून धबधबा स्पष्ट दिसला, शब्द दिसले नाहीत.

दुसरी बाजू संगणकाच्या सरांची. विंडोज ७ साठी सुरक्षेचे अपडेट देणं मायक्रोसॉफ्टने १४ जानेवारी २०२० रोजी बंद केलं. आमचा संगणक नेटला जोडलेला नाही, पण त्याला पेनड्राइव्ह लागतात आणि व्हायरस तिथूनही येतो. शिवाय त्याची हार्ड डिस्क आता कट्‌कट् आवाज करते. सरांनी विचारलं, "हा एक दिवस उठलाच नाही, तर शब्द कुठे आहेत?"

उत्तर शोधायला बसलो तेव्हा कळलं, की आमचा खरा प्रश्न सॉफ्टवेअरचा नसून अक्षरांचा आहे. जुन्या संगणकातल्या सगळ्या मराठी प्रार्थना कृतिदेव फॉन्टमध्ये टाइप केलेल्या होत्या. अशा जुन्या फॉन्टमध्ये संगणकाच्या दृष्टीने मराठी नसतेच. तो इंग्रजी अक्षरंच साठवतो आणि फॉन्ट त्यांना देवनागरीचं रूप देतो. कृतिदेवमध्ये 'राम' लिहायचा तर जे, के, ई या कळा दाबायच्या. फॉन्ट आहे तोवर पडद्यावर राम दिसतो. फॉन्ट नसलेल्या संगणकावर तीच फाइल उघडली, की राम जातो आणि जे-के-ई उरतं. आमच्या सगळ्या मराठी प्रार्थना नव्या सॉफ्टवेअरमध्ये अशाच दिसल्या.

युनिकोडमध्ये असं होत नाही. त्याची पहिली आवृत्ती १९९१ मध्ये आली आणि तिच्यात देवनागरी होती. त्यात प्रत्येक अक्षराला स्वतःचा क्रमांक आहे. 'क'चा क्रमांक ०९१५. जगात कुठेही, कोणत्याही संगणकावर ०९१५ म्हणजे 'क'च. पण आमचं जुनं सॉफ्टवेअर युनिकोडची जोडाक्षरं नीट जुळवत नाही. म्हणजे जुनं ठेवलं तर मराठी त्या एका संगणकात अडकते आणि नवं आणलं तर जुनी मराठी वाचता येत नाही.

बाकीचे लोक काय करतात हेही आम्ही विचारून पाहिलं. बेंगळुरूच्या चर्चमध्ये कन्नड, तमिळ, इंग्रजी, कोंकणी अशा अनेक भाषांत उपासना होते. केरळच्या मित्राने 'ओपन-एलपी' या सॉफ्टवेअरचं नाव सांगितलं. ते चर्चसाठी बनवलेलं आहे, मोफत आहे आणि विंडोजप्रमाणे लिनक्सवरही चालतं. त्यात गाणं कोणतं घालायचं ते आपण ठरवायचं. पंजाबच्या मित्राने गुरुद्वाऱ्यांत वापरलं जाणारं 'सिखी टू द मॅक्स' दाखवलं. त्यात ओळीतल्या प्रत्येक शब्दाचं फक्त पहिलं अक्षर टाइप केलं तरी शबद सापडतो. गुरुमुखीचे जुने फॉन्टही आपल्या कृतिदेवसारखेच इंग्रजी अक्षरांच्या जागा वापरत. म्हणजे ही अडचण एकट्या मराठीची नव्हती.

सुट्टीत ही गोष्ट आजोबांना सांगितली. ते गावच्या भजनी मंडळात आहेत. त्यांनी कपाटातून भजनाची वही काढली आणि म्हणाले, "ही तिसरी." पहिली त्यांच्या वडिलांची होती. तिचे कोपरे झिजायला लागले तेव्हा दुसरी लिहिली आणि दुसरी सुटायला लागली तेव्हा ही. "फाटायची वाट बघायची नाही. जुनी वाचता येत असते तेव्हाच नवी लिहायची," असं ते म्हणाले. दोन्ही बाजूंनी इतका वाद ऐकला होता, पण इतकं सोपं उत्तर कोणी दिलं नव्हतं.

आमच्या मराठीच्या सरांनी त्यात एक भर घातली. ज्ञानेश्वरी १२९० ची. तीनशे वर्षं लोक तिच्या नकला करत राहिले आणि नकला करताना पाठात चुका शिरल्या. १५८४ मध्ये संत एकनाथांनी प्रती ताडून शुद्ध प्रत तयार केली. सर म्हणाले, "नक्कल केली म्हणून ग्रंथ टिकला आणि तपासली म्हणून खरा टिकला."

मग आम्ही कामाला लागलो. आधी जुन्या फॉन्टचं युनिकोड करून देणारं साधन वापरलं. बरंचसं काम झालं, पण काही ओळींमध्ये घोळ राहिला. जुन्या फॉन्टमध्ये रफार अक्षरानंतर टाइप करतात, युनिकोडमध्ये तो आधी येतो. त्यामुळे 'धर्म'चं 'धमर्' झालं. 'विश्व'ची वेलांटी भलत्याच अक्षरावर जाऊन बसली. पसायदानाच्या नऊ ओव्या आम्ही पुस्तक शेजारी ठेवून पुन्हा टाइप केल्या. त्यासाठी इनस्क्रिप्ट कळफलक शिकलो. त्याची गंमत अशी, की सगळ्या भारतीय लिप्यांना कळा त्याच. ज्या कळीवर मराठीचा 'क', तिथेच कन्नडचाही 'क'. त्यामुळे हासनच्या मित्राने कन्नड प्रार्थना आमच्याच शेजारी बसून टाइप केल्या.

सगळ्यात अवघड होती ती आमच्या निवृत्त संगीत सरांनी कॅडेट्ससाठी लिहिलेली मराठी प्रार्थना. बारावीच्या निरोपाच्या दिवशी ती म्हणतात. ती कोणत्याही पुस्तकात नाही. कागदावर सापडली नाही. ती होती फक्त त्या कट्‌कट् करणाऱ्या डिस्कवर. आम्ही ती उतरवली आणि तपासायला सरांना फोन लावून वाचून दाखवली. दुसऱ्या कडव्यात त्यांनी थांबवलं. "बाळांनो, 'वाट' नाही, 'वात'. दिव्याची वात." कोणीतरी कधीतरी टाइप करताना 'त'चा 'ट' झाला होता. 'वाट' म्हटलं तरी अर्थ लागत होता, त्यामुळे कोणाच्या लक्षात आलं नव्हतं. कितीतरी बॅच 'वाट' गाऊन बाहेर पडल्या. सर हसले आणि म्हणाले, "वाटही वाईट नाही. पण मी लिहिली ती वात." यंदाच्या निरोपाला पडद्यावर 'वात' होती.

आता दोन्ही बाजूंबद्दल माझं मत सांगतो. उस्तादांचं बरोबर आहे. केवळ नवं निघालं म्हणून चालती गोष्ट बदलू नये आणि धबधब्यांसाठी तर मुळीच नाही. संगणकाच्या सरांचंही बरोबर आहे. पण सॉफ्टवेअर जुनं असणं हा धोका मला मोठा वाटत नाही. आपले शब्द त्याच्याशिवाय कोणालाच वाचता येऊ नयेत, हा खरा धोका आहे. शब्द सुटे करून ठेवले, की सॉफ्टवेअर आज बदला किंवा पाच वर्षांनी बदला, काही बिघडत नाही. घाई शब्दांची करावी, सॉफ्टवेअरची सावकाश करावी.

सध्या जुना संगणक प्रार्थनेला आहे आणि नव्यावर दर शनिवारी सराव चालतो. कधी बदलायचं ते सर ठरवतील. सगळ्या प्रार्थना साध्या टेक्स्ट फाइलमध्ये दोन ठिकाणी ठेवल्या आहेत आणि एक छापील प्रत वाचनालयात आहे, कारण कागदाला फॉन्ट लागत नाही. पुढच्या वर्षी आम्ही दहावीत असू आणि ही ड्यूटी सोडावी लागेल. सातवी-आठवीतल्या कोणाला इनस्क्रिप्ट शिकायचं असेल, तर रविवारी नाश्त्यानंतर संगणक कक्षात यावं. तमिळ आणि मल्याळम प्रार्थना अजून टाइप व्हायच्या आहेत, आणि त्या तपासून देणारे पालक मिळाले तर फारच बरं.