न पडण्याचा अभिनय

नटांना शारीरिक अभिनय शिकवताना मी चॅप्लिनचा 'वन ए.एम.' हमखास दाखवतो. १९१६ साली म्युच्युअल कंपनीसाठी केलेला हा दोन रिळांचा मूकपट. सुरुवातीचा टॅक्सीवाला सोडला तर पडद्यावर चॅप्लिन एकटाच. पिऊन घरी आलेल्या श्रीमंत माणसाला वरच्या मजल्यावर जाऊन झोपायचंय, एवढीच गोष्ट.

दारुडा करायला सांगितला की नवा नट लगेच झोकांड्या खायला लागतो. चॅप्लिनचं नेमकं उलट. त्याचा दारुडा शुद्धीत असल्यासारखं वागायची शिकस्त करतो. किल्ली सापडत नाही म्हणून तो खिडकीतून आत शिरतो आणि पाय थेट माशांच्या भांड्यात घालतो. मग किल्ली खिशातच निघते. तेव्हा हा गृहस्थ पुन्हा खिडकीतून बाहेर जातो आणि रीतसर दार उघडून घरात येतो! हशा पिकतो तो या रीतसरपणाला.

हे एका दिवसात आलेलं नाही. इंग्लंडमध्ये फ्रेड कार्नोच्या कंपनीत 'ममिंग बर्ड्स'मधला दारुडा त्याने जिवंत प्रेक्षकांपुढे वर्षानुवर्षं घोटला होता.

जिन्याचा प्रसंग मी थांबवून थांबवून दाखवतो. वर अवाढव्य लंबकाचं घड्याळ. त्याचा तडाखा बसून तो खाली येतो. पुन्हा चढतो, पुन्हा खाली. शेवटी गिर्यारोहकाचा दोर घेऊन निघतो. इथे चेहरा नव्हे, कंबर पाहायची. पाय दगा देतात, पण धड शेवटपर्यंत सरळ राहू पाहतं. पडण्याचं तंत्र तालमीत शिकवता येतं: हनुवटी छातीशी, श्वास सोडलेला, जमिनीला आधी मांडीचा मांसल भाग टेकवायचा, मनगट कधीच नाही. पण वर पोहोचायची ती तळमळ नसेल, तर प्रेक्षकाला नुसता आपटलेला माणूस दिसतो. त्याला हसू येत नाही, काळजी वाटते.

आणि कॅमेरा? तो बहुतेक वेळ लांब उभा राहून डोक्यापासून पायापर्यंत माणूस दाखवतो. पाय चौकटीबाहेर गेले की तोल दिसत नाही, आणि तोलच दिसला नाही तर तो सांभाळायची कसरत कशी दिसणार?

हे मूकपट हाताने फिरवायच्या कॅमेऱ्यावर चित्रित होत. पुढे ते जास्त वेगाने दाखवले गेले आणि माणसं तुरुतुरु पळू लागली. शरीराचं वजनच हरवलं. म्हणून नव्या नटांना माझं सांगणं आहे: योग्य वेगाची, दुरुस्त केलेली प्रत शोधा, मागाहून जोडलेलं संगीत बंद करा आणि एकदा फक्त पायांकडे बघत अख्खा 'वन ए.एम.' पाहा.