धारण आणि ढोल

भविष्य जाणून घेण्याचे जे मार्ग महाराष्ट्राने आजवर पत्करले, त्यांपैकी बहुतेक मुके आहेत. गुढीपाडव्याला संवत्सरफल वाचणारे उपाध्याय मृदंगाची साथ घेत नाहीत. आणि बुलढाणा जिल्ह्यातील भेंडवळ येथे अक्षय्य तृतीयेस शेतात घट मांडून, भोवती धान्ये रचून, दुसऱ्या पहाटे ती कशी विस्कटली यावरून पीकपाण्याचे जे निदान केले जाते, त्याची सारी भिस्त रात्रीच्या निर्मनुष्य शांततेवर असते. कोल्हापूर जिल्ह्यातील पट्टणकोडोलीचा प्रकार मात्र अगदी निराळा आहे. दसरा आणि दिवाळी यांच्या मधल्या दिवसांत तेथे विठ्ठल-बिरदेवाची यात्रा भरते, आणि येणाऱ्या वर्षाचा पाऊस, धान्याची धारण, रोगराई, एवढेच काय पण राजकारणसुद्धा, ढोल-कैताळांच्या प्रचंड गजरातून वाट काढीत लोकांच्या कानांपर्यंत पोहोचते.

ही वाणी ज्यांच्या मुखातून निघते त्या मानकऱ्यांना फरांडेबाबा म्हणतात. सोलापूर जिल्ह्यातील अंजनगावाहून ते पायी चालत येतात. पण मला त्यांच्यापेक्षा ढोलवाल्यांकडे पाहण्यातच अधिक रस वाटत आला आहे. धनगरी ढोल गळ्यात अडकवून, एका अंगास टिपरी आणि दुसऱ्या अंगास तळवा चालवीत, माना डोलावीत, कैताळाच्या झणत्काराशी पावले जुळवीत हे लोक जेव्हा रिंगण धरतात, तेव्हा उधळलेला भंडारा ढोलाच्या कातड्यावर येऊन बसतो आणि प्रत्येक टिपरीसरशी चिमटीभर उडून वाजविणाऱ्याच्या मिशीवर चिकटतो. तो पुसण्यास कोणाचाही हात मोकळा नसतो. डोक्यांवर रंगीबेरंगी छत्र्या गरगर फिरत असतात. लोकर, खारीक, खोबरे यांचा वर्षाव चाललेला असतो, आणि मधूनमधून 'चांगभलं'ची आरोळी त्या नादावर स्वार होऊन पुढे सरकते. मग हातात तलवार घेऊन हेडाम सुरू होते. पाते स्वतःच्याच पोटावर मारीत फरांडेबाबा नाचत पुढे येतात. त्या दृश्याने कोणाही सुविद्य माणसाला जी धास्ती वाटेल ती मलाही वाटते, आणि तरीही तेथून नजर हलत नाही.

यानंतर भाकणूक होते. ती लांबलचक नसते. तुटक, आर्ष, अर्धवट वाटावी अशा वाक्यांत ती सांगितली जाते. एरवी ज्या समुदायाला कोणत्याही सभेचा अध्यक्ष दोन मिनिटे गप्प बसवू शकला नसता, तो समुदाय त्या वेळी श्वास रोखून उभा असतो. ही शिस्त त्याला कोणी लावली, असा प्रश्न मी स्वतःला विचारतो, तेव्हा माझे बोट ढोलाकडे जाते. इतका वेळ एकाच तालात झोडपून निघालेली माणसे वेगवेगळी राहिलेलीच नसतात. त्या सर्वांचा मिळून एकच कान झालेला असतो, आणि त्या कानात पडलेला साधा शब्दही फर्मानासारखा वजनदार होतो. खंडोबाचे कानडी रूप असलेल्या मैलारलिंगाच्या जत्रेत, तुंगभद्रेकाठच्या मैलार गावी, गोरवय्या म्हणविणारा देवाचा सेवक उंच धनुष्यावर चढून आधी सर्वांना निःशब्द होण्याची आज्ञा करतो, एकच वाक्य उच्चारतो आणि खाली झोकून देतो. तेथेही डमरूंचा कल्लोळ आधी आणि शब्द नंतर, हाच क्रम आहे. या दोन्ही गावांना एकच दैवी विद्या अवगत आहे की नाही, हे देवच जाणे. गर्दीच्या कानाची विद्या मात्र दोघांनाही पुरती अवगत आहे.

धनगरांच्या ओव्यांचा अभ्यास करण्यासाठी गुंटर सोन्थायमर हा जर्मन विद्वान या मुलुखात पुष्कळ हिंडला. त्या ओव्यांत गाणे आणि गद्य कथन आलटूनपालटून येतात. गाऊन झाले की सांगावयाचे, सांगून झाले की पुन्हा गावयाचे. भाकणुकीचे बोलणे मला या रीतीचेच सख्खे भावंड वाटते. नादाने जागा करून द्यावी आणि बोलण्याने ती भरावी, हे या लोकांच्या अंगवळणी पडलेले आहे.

हवामान खात्याची स्थापना १८७५ सालची. त्याचे मुख्य ठाणे १९२८ साली सिमल्याहून पुण्यास आले. त्या खात्याचे आकडे आणि फरांडेबाबांची वाणी यांची तुलना करून कोण खरे ठरले याचा जमाखर्च मांडण्यात मला गोडी नाही. तसा तो मांडलाच, तर बाबांची बाजू लंगडी पडेल असा माझा कयास आहे. पण एक गोष्ट लक्षात घेण्याजोगी आहे. हवेत दमटपणा वाढला की ढोलाचे कातडे सैल पडते आणि आवाज बसतो. मग दोऱ्या ताणाव्या लागतात, ढोल उन्हात किंवा जाळाजवळ धरावा लागतो. ज्यांचे वाद्यच आकाशाकडे पाहून बोलते, आणि ज्यांची मेंढरे फार पावसात खुरांनी लंगडू लागतात, त्यांनी पावसाविषयी काही बोलावे यात मला नवल वाटत नाही. मामलेदार कचेरीतील आणेवारी पीक उभे राहिल्यावर ठरते. मेंढक्याला कळप कोणत्या वाटेने हाकावयाचा हे त्यापूर्वीच ठरवावे लागते.

म्हणून भाकणूक संपताक्षणी खरे काम सुरू होते, आणि ते ढोलांच्या गदारोळातच चालते. वाक्य एक, पण त्याचे अर्थ माणसागणिक निराळे. "पाऊस म्हंजी मिरगाचा न्हवं, उत्तराचा," असे एक म्हातारा ठासून सांगतो; त्यावर दुसरा, "मग मूग पेरायचाच न्हाई का आमी?" असे विचारून त्याला निरुत्तर करू पाहतो. धारण वाढणार म्हटल्यावर जोंधळा राखून ठेवलेला गृहस्थ खुलतो आणि विकत घेऊन खाणारा कपाळाला आठी घालतो. तिकडे पलीकडच्या लिंबाखाली काळे घोंगडे पसरून दोन मेंढके आणि एक बागायतदार कधीचे बसलेले असतात: मेंढरे कोणत्या रानात बसवावयाची, किती रात्री, आणि त्या खताच्या बदल्यात जोंधळा किती पायल्या. बागायतदार आज ऐकलेल्या पावसाचा हवाला देऊन बोली खाली ओढतो. मेंढकेही तोच पाऊस पुढे करून ती वर चढवितात.