बेला, चेसिंग्टनची

गणपतीत पंगत बसली की काका ही गोष्ट सांगायचेच. २४ ऑगस्ट १९७१, मंगळवार, गणेशचतुर्थी. दुपारी मोदक झाले, संध्याकाळी सगळी आळी रेडिओभोवती गोळा झाली आणि लंडनच्या ओव्हल मैदानावर क्रिकेट कसोटीत आपण इंग्लंडला हरवलं. ‘अरे, गणपती स्वतः मैदानात आला होता,’ काका म्हणायचे. लहानपणी मला ते अगदी खरं वाटे.

पुढे त्या सामन्याची जुनी चित्रफीत पाहायला मिळाली. सीमारेषेच्या कडेनं एक हत्तीण शांतपणे चालत जाते. तिचं नाव बेला. लंडनच्या नैर्ऋत्येला चेसिंग्टनचं प्राणिसंग्रहालय आहे, तिथून भारतीय प्रेक्षकांनी सणासाठी तिला मागून आणलं होतं. पुरतं पाहून होत नाही तोच दृश्य बदलतं.

बदलणारच. चंद्रशेखरनं ३८ धावांत ६ बळी घेऊन इंग्लंडला १०१ धावांत गुंडाळलं होतं. आपल्याला जिंकायला १७३ हव्या होत्या. गावसकर शून्यावर गेला. कर्णधार वाडेकर शेवटच्या सकाळी ४५ वर धावबाद झाले, पण सरदेसाई आणि विश्वनाथनं डाव धरून ठेवला आणि अबीद अलीच्या चौकारानं सामना संपला. १९३२ पासून आपण इंग्लंडमध्ये कसोटी खेळत होतो; जिंकलो ती ही पहिली.

हे सगळं मला तोंडपाठ आहे. तरी चित्रफीत लावली की मी हत्तिणीचीच वाट पाहतो. तिच्यामागे मला तिला आणणारी माणसं दिसतात. पोटापाण्यासाठी तिकडे गेलेली, थंडीत, परक्या वस्तीत राहणारी. तीनच वर्षांपूर्वी इनॉक पॉवेलनं बर्मिंगहॅमला स्थलांतरितांविरुद्ध ते विखारी भाषण केलं होतं. अशा देशात, भरल्या मैदानात, आपला देव असा उघड्यावर मिरवायचा! मखर नाही, ताशा नाही, दारची जास्वंद नाही. तर प्राणिसंग्रहालयात जाऊन हत्ती मागायचा. इतकी निर्मळ भक्ती मी क्वचित पाहिली आहे. त्यांची नावं कुठल्या धावफलकात असणार?

आणि बेला? तीही परमुलखातच राहत होती. हत्तीचं घर काही इंग्लंड नव्हे. तिला क्रिकेट ठाऊक नव्हतं, चतुर्थी ठाऊक नव्हती. गर्दीच्या कल्लोळात तिला मिरवलं, हे आज पाहताना जीव थोडा कासावीस होतो. आपण तिला शुभशकुन ठरवलं आणि तिचं नावही लक्षात ठेवलं नाही. आमच्या घरात तर ते कुणी कधी उच्चारलंच नव्हतं.

आता पंगतीत ती गोष्ट मी सांगतो. काकांचं वाक्य मी खोडत नाही, गणपती ओव्हलवर आला होता असंच सांगतो. फक्त मुलांनी विचारायच्या आत पुढचंही सांगून टाकतो: तिचं नाव बेला होतं आणि ती चेसिंग्टनला राहायची.